वल्ही मारणारी माणसं

५ मे २०२४, रविवार. बारामती

फ्रेडरिक सेप्टिमस केलीची रोजनिशी आज वाचून संपली. १९०७ ते १९१५ या वर्षांची ही पानं ऑस्ट्रेलियाच्या राष्ट्रीय ग्रंथालयाने २००४ साली पुस्तकरूपात काढली. उकाड्याने दुपारची झोप उडाली आहे, त्यामुळे वाचन भराभर झालं.

केली मूळचा सिडनीचा. जन्म २९ मे १८८१. वडील लोकरीच्या व्यापारातली बडी असामी. शिक्षण इंग्लंडात, आधी ईटन आणि मग ऑक्सफर्डचं बेलिअल कॉलेज. पियानो हा त्याचा खरा ध्यास. त्यासाठी तो जर्मनीत फ्रँकफुर्टला काही वर्षं राहून शिकला. आणि वल्हवण्यात तर त्याचा हात धरणारा कुणी नव्हता. एकट्याने चालवायच्या बोटीची हेन्लीतली शर्यत, डायमंड स्कल्स, त्याने १९०२, १९०३ आणि १९०५ अशी तीनदा जिंकली. १९०५ साली त्याने लावलेली वेळ होती ८ मिनिटं १० सेकंद. तो विक्रम मोडायला १९३८ साल उजाडावं लागलं. मोडणारा जो बर्क हा न्यू जर्सीतल्या फळबागा करणाऱ्या घरातला. १९०८ च्या लंडन ऑलिंपिकात आठ जणांच्या बोटीत केली होता, सुवर्णपदक घेतलं आणि त्यानंतर शर्यती सोडून पियानोकडे वळला.

इंदापूरच्या उन्हाळी शिबिरात २ जूनला मुलांशी बोलायचं मी कबूल केलं आहे. शंभर वर्षांपूर्वीचा हौशी रोइंगपटू हा विषयही मीच सुचवला. शिबिराच्या बाईंनी फोनवर विचारलं, ‘‘सर, आमच्या पोरांना त्या गोऱ्या पियानोवाल्याचं काय?’’ मी म्हटलं, बाई, तुमच्या निम्म्या पोरांच्या घरात वल्ही आहेत.

७ मे, मंगळवार

सकाळीच मतदान करून आलो. ऊन चढायच्या आत गेलो तरी रांग मोठी होती. उरलेला दिवस हेन्लीच्या नियमांवर घालवला.

हेन्ली हे टेम्स नदीकाठचं गाव, तिथली रेगाटा, म्हणजे होड्यांच्या शर्यतींचा मेळा, १८३९ पासूनची. १८७९ साली तिथल्या कारभाऱ्यांनी हौशी कोणाला म्हणायचं ते लेखी ठरवलं. पैशाच्या पैजेवर शर्यत मारणारा हौशी नव्हे. खेळ शिकवून पोट भरणारा नव्हे. इथपर्यंत एक वेळ समजू शकतं. पण पुढे येतं की ज्याने मजुरी घेऊन होडीवर किंवा होडीचं काम केलं तो हौशी नव्हे. आणि जो कारागीर, यंत्रावरचा कामगार किंवा मजूर आहे, किंवा पूर्वी कधी होता, तोही नव्हे. मग त्याचा होडीशी काही संबंध असो वा नसो. सुतार, लोहार, गवंडी, खाणीत दगड फोडणारा, कुणीही असला तरी एकदा हातांनी काम करून मजुरी घेतली की त्याला हेन्लीच्या पाण्यात जागा नाही.

समर्थन असं करायचे की अंगमेहनत करणाऱ्याचं शरीर आयतंच घडलेलं असतं, टेबलावर बसून काम करणाऱ्याला त्याच्याशी बरोबरी करणं अवघड जातं. हे मला पटत नाही. दिवसभर विटा वाहून आलेल्या माणसाच्या अंगात संध्याकाळी सरावाला किती त्राण उरतं, हे ज्याने वीटभट्टी पाहिली आहे त्याला विचारावं. ईटनमधल्या मुलाला दूध, मांस, विश्रांती, मास्तर आणि नदी हे सगळं मिळत होतं. खरं कारण सोबतीचं होतं. शर्यतीनंतर एका मांडवात जेवायला बसायचं कुणाबरोबर, हा त्यांचा प्रश्न होता. आपल्याकडे पंगतीचे प्रश्न कसे सोडवले जात ते आपल्याला कुणी नव्याने सांगायला नको.

आणि मुळात शर्यत काढली कुणी? टेम्सवर उतारू नेणाऱ्या नावाड्यांची उमेदवारी संपवलेली पोरं १७१५ पासून दरवर्षी डॉगेटच्या कोट-बिल्ल्यासाठी शर्यत मारत आली आहेत. हेन्लीला सव्वाशे वर्षांनी जाग आली. जी माणसं आधी पाण्यात होती तीच मागून आलेल्यांच्या नियमात बसेनात.

९ मे, गुरुवार

आडनाव तेच, नातं काही नाही, असा दुसरा केली. जॉन केली, अमेरिकेतल्या फिलाडेल्फियाचा, जन्म १८८९, आयरिश घरातला. धंदा गवंड्याचा, विटा रचण्याचा. १९२० साली त्याने हेन्लीच्या डायमंड स्कल्ससाठी अर्ज केला आणि तो फेटाळला गेला. त्याच्या व्हेस्पर क्लबवर जुन्या वादातून बंदी होती, हे एक कारण. त्याने हातांनी काम केलेलं आहे, हे दुसरं. त्या साली ती शर्यत जॅक बेरेसफर्डने जिंकली. काही आठवड्यांनी अँटवर्प ऑलिंपिकात हे दोघे समोरासमोर आले आणि गवंड्याने एका सेकंदाने बाजी मारली. त्याच दिवशी चुलतभाऊ पॉल कॉस्टेलोबरोबर दोघांच्या बोटीतलं सुवर्णही मिळवलं.

पुढे तो बांधकामाचा मोठा ठेकेदार झाला, मुलगी ग्रेस सिनेमात गेली आणि मोनॅकोची प्रिन्सेस झाली, ही गोष्ट सगळ्यांना ठाऊक असते. मला त्याच्या मुलाची गोष्ट जास्त मोलाची वाटते. बापाला जिथे उतरू दिलं नाही तिथे त्याने १९४७ आणि १९४९ साली डायमंड स्कल्स जिंकली.

मजुरांना अडवणारं कलम मात्र १९३७ साली गेलं, तेही आदल्या वर्षी ऑस्ट्रेलियाच्या पोलिसांची ऑलिंपिकला निघालेली बोट हेन्लीने नाकारली आणि गवगवा झाला, त्यानंतर. पोलीस शिपाईसुद्धा त्यांच्या हिशेबात मजूरच.

१२ मे, रविवार. पळसदेव

पहाटे निघालो, भिगवणवरून हमरस्ता धरून सातच्या आत पळसदेवला. उजनीचं पाणी यंदा फारच खाली गेलं आहे. एकूण सुमारे ११७ टीएमसीचं धरण, त्यातला निम्म्याहून जास्त मृतसाठा, आणि पाणी त्या मृतसाठ्यातही उतरलेलं. पळसनाथाचं देऊळ पूर्ण उघडं पडलंय, विटांच्या शिखरावर कोरड्या गाळाचा थर. चिखल सुकून त्याच्या खपल्या झाल्या आहेत. त्यावरून चालत बरंच पुढे गेलं की पाणी लागतं. तिथे होड्या.

मला ज्यांनी होडीत घेतलं त्यांना सगळे तात्या म्हणतात. साठीच्या पुढचे. मासेमारी त्यांची, हिवाळ्यात रोहित पक्षी बघायला येणाऱ्यांना फिरवणं त्यांच्या मुलाचं. मुलाच्या होडीला इंजिन आहे. तात्या वल्ह्यावरच. कारण विचारलं तर म्हणाले, ‘‘जाळ्यापाशी इंजान चालत न्हाय सर. पंख्यात जाळं गुतलं की जाळंबी गेलं आन दिसबी गेला.’’

वल्ही मी नीट पाहून घेतली. दांडा बांबूचा, हात धरतो तिथे काळाकुळकुळीत आणि गुळगुळीत. पातं फायबरच्या तुकड्याचं, दोन बोल्टांनी आवळलेलं. होडीच्या काठाला लोखंडी खुंटी, तिला नायलॉनच्या दोरीचं कडं, त्या कड्यात दांडा. दांडा झिजू नये म्हणून तेवढ्या भागाला सायकलच्या ट्यूबची पट्टी घट्ट गुंडाळलेली. मधूनमधून तात्या ओंजळभर पाणी त्या कड्यावर मारतात, म्हणजे दोरी करकरत नाही आणि तापतही नाही. बसायला आडवी फळी. पाय होडीच्या बरगडीला टेकवलेले.

शर्यतीच्या बोटीत बैठक चाकांवर मागेपुढे सरकते. ही सोय एकोणिसाव्या शतकाच्या सत्तरीत रूढ झाली आणि तेव्हापासून रोइंग हा मुख्यतः पायांचा खेळ झाला. गुडघे छातीशी आणायचे, पातं पाण्यात टाकायचं, पायांनी रेटायचं, मग पाठ, सगळ्यात शेवटी हात. तात्यांची फळी जागची हलत नाही, तरी क्रम तोच. पाय आधी रेटतात, ढोपर जराच सुटतं, मग कंबर मागे झुकते आणि हात पोटाशी येतात तेव्हा ओढ संपत आलेली असते. पातं बाहेर आलं की मनगट किंचित वळतं आणि पातं आडवं होऊन वाऱ्याखालून परत जातं. कॉलेजच्या बोट क्लबात हे मनगट वळवायला आम्हाला वरच्या वर्गातल्या मुलांनी दोन महिने रडवलं होतं. तात्यांना कुणी शिकवलं विचारलं तर त्यांना प्रश्नच कळला नाही. ‘‘वारं आडवं असलं की पातं उभं धरून कसं चाललं?’’ एवढंच म्हणाले.

त्यांचा तळहात पाहिला. घट्टे बोटांच्या मुळाशी, चार एका ओळीत, आणि एक अंगठ्याच्या आतल्या कडेला. कोणत्याही रोइंगपटूच्या हातावर अगदी तिथेच असतात.

परत येताना त्यांनी मधेच वल्ही थांबवून पलीकडे बोट दाखवलं. पाण्यावर एक काळपट पट्टा सरकत होता. ‘‘वारं आलं.’’ मोजून थोड्याच वेळात आमच्या अंगावर आलंच. धरणाचं पाणी रुंद, मधे अडायला काही नाही, त्यामुळे लाट चटकन उठते. तात्यांच्या आजोबांच्या वेळी हे नव्हतं. तेव्हा भीमा वाहती होती, उन्हाळ्यात पायउतार व्हायची, पावसाळ्यात भरली की आजोबा तर चालवायचे, माणसं आणि शेळ्या पलीकडे न्यायचे. सुगीला खळ्यावर गेलं की त्याबद्दल धान्य मिळायचं. मग धरण भरायला लागलं तेव्हा गाव उठलं, वहिवाटा बुडाल्या, आणि पूर्वी जिथून औत जायचं तिथून आता होडी जाते.

आजोबांचं नाव कुठल्या कागदावर आहे का, मी विचारलं. तात्या म्हणाले, ‘‘रेशनकार्ड निघायच्या आधीच गेलं की ते.’’

१६ मे, गुरुवार. पुणे

कामासाठी पुण्याला. काम लवकर आटोपलं म्हणून संगमाकडे गेलो, जुन्या इंजिनिअरिंग कॉलेजच्या बोट क्लबाच्या घाटावर उभा राहिलो. क्लब १९२८ सालचा. इथली रेगाटा अजून होते. होड्यांचे बाण रचून दाखवतात, अंधार पडला की मशाली घेऊन पंटांच्या रांगा निघतात, अर्धं पुणं काठावर लोटतं. माझ्या वेळी आम्ही मशालीचं तेल टपकून हात पोळून घ्यायचो आणि तरी दुसऱ्या वर्षी पुन्हा नाव द्यायचो.

खाली बंडगार्डनजवळचा रॉयल कॅनॉट बोट क्लब त्याहून जुना, १८६८ चा, साहेबांच्या हौसेतून निघालेला. आमच्यासारख्यांना नदीवर वल्ही मारायला मिळाली याचं श्रेय पुन्हा एका बंधाऱ्याला जातं. एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला जमशेटजी जीजीभॉय यांच्या देणगीतून तो बंधारा झाला. त्याने पाणी तुंबवून धरलं नसतं तर उन्हाळ्यात मुळा-मुठेत खडकच उरले असते.

हेच पाणी पुढे मुळा-मुठा होऊन दौंड तालुक्यात भीमेला मिळतं आणि भीमा ते उजनीत आणून टाकते. आज घाटाखाली पाण्याला वास होता, कडेला जलपर्णी दाटलेली. पुण्याचं सांडपाणी इंदापूरच्या जाळ्यांत उतरतं, ही तक्रार मी पळसदेवला ऐकून आलो होतो, आज तिचं उगमस्थान पाहिलं. शहराने निदान एवढं तरी करावं की खाली ज्या माणसांच्या ताटात त्या पाण्यातला मासा येतो त्यांच्यासाठी सांडपाणी शुद्ध करूनच नदीत सोडावं. रोइंगपटूंनी ही मागणी पहिली केली पाहिजे, पाण्याच्या इतक्या जवळ दुसरं कोण बसतं?

२२ मे, बुधवार

काल संध्याकाळी करमाळा तालुक्यातल्या कुगावहून उजनीच्या पाण्यावरून आपल्या इंदापूरच्या कळाशीकडे येणारी होडी वादळी वाऱ्यात उलटली. सात जण होते. एक जण पोहत काठाला लागला. बाकी सहा सापडत नाहीत. त्यांत लहान मुलं आहेत.

आज काही लिहवत नाही.

२६ मे, रविवार

सहाही जणांचे मृतदेह मिळाले. बचाव पथकं पाण्यात होती, त्यांच्या बरोबरीने काठावरचे मच्छीमारही आपापल्या होड्या घेऊन शोधत होते. तात्यांशी फोनवर बोललो. तेही गेले होते. फार बोलले नाहीत.

या पाण्यावरून रोज माणसं जातात. कुगाव ते कळाशी होडीने जवळ, रस्त्याने जायचं तर मोठा वळसा. नातीगोती दोन्ही काठांवर, बाजार, दवाखाना, कॉलेज. पुलाची मागणी जुनी आहे आणि तो पूल झालाच पाहिजे. तोवर प्रत्येक उतारूच्या अंगात जॅकेट असलं पाहिजे. वारा सुटला की होडी सोडायची नाही, हे ठरवण्याचा अधिकार आणि त्या दिवसाची नुकसानभरपाई होडीवाल्याला मिळाली पाहिजे. नुसतं नियम करून भागणार नाही. पोट ज्याचं फेरीवर आहे त्याला आभाळ काळं दिसलं तरी फेरी सोडवत नाही.

हेन्लीच्या शर्यतीत बोट उलटली तर पंचांची लाँच मागेच असते. केलीच्या काळीही असायची. पोटासाठी वल्हवणाऱ्याच्या मागे कुणी नसतं, या फरकापुढे मला बाकीचे सगळे फरक लहान वाटतात. शिबिरात मी हे बोलणार आहे. बाईंना फोन करून विचारलं, मुलं घाबरतील का? त्या म्हणाल्या, ‘‘मुलं काठावरचीच आहेत सर. त्यांच्याशी न बोलता राहिलात तर जास्त घाबरतील.’’

२९ मे, बुधवार

केलीचा जन्मदिवस. त्याच्या शेवटच्या दोन वर्षांबद्दल लिहून ठेवतो.

१९१४ साली लढाई लागली तशी तो नौदलाच्या पायदळात, हूड बटालियनमध्ये दाखल झाला. कवी रूपर्ट ब्रूक त्याच्याच बटालियनमध्ये. गॅलिपोलीला जाताना वाटेतच, २३ एप्रिल १९१५ रोजी ब्रूक आजाराने गेला. ग्रीसच्या स्कायरॉस बेटावर ऑलिव्हच्या झाडीत त्याच रात्री त्याला पुरलं, तेव्हा केली तिथे होता. नंतर गॅलिपोलीत केली स्वतः जखमी झाला. अलेक्झांड्रियाच्या इस्पितळात पडल्या पडल्या त्याने ब्रूकसाठी तंतुवाद्यांची एक शोकरचना पुरी केली. ती मी ऐकली आहे. व्हायोलिनं वाऱ्याने पानं हलावीत तशी हलतात आणि मधे एकच सूर एकटा वर जातो. ज्याने ती लिहिली त्याला श्वास कुठे घ्यायचा हे पक्कं ठाऊक होतं, आणि ते त्याला वल्ह्याने शिकवलं असं मला मनापासून वाटतं.

१३ नोव्हेंबर १९१६ रोजी फ्रान्समध्ये बोकूर गावाजवळ मशीनगनच्या ठाण्यावर चालून जाताना तो मारला गेला. वय ३५. नियम त्याने केला नव्हता. त्या नियमाच्या आतल्या बाजूला तो जन्मला, एवढंच. त्याच्या मेहनतीबद्दल माझ्या मनात आदर आहे आणि तो मी मुलांपासून लपवणार नाही.

३१ मे, शुक्रवार

केली गॅलिपोलीत होता त्याच महिन्यात आपली माणसं कुठे होती? ३१ मे १९१५, मेसोपोटेमिया. जनरल टाऊनशेंडच्या हाताखाली सहावं पुणे डिव्हिजन, त्यात मराठा पलटणीही. तैग्रिस आणि युफ्रेटिस जिथे मिळतात त्या कुर्नाच्या पुढे पुराने सगळा मुलूख पाण्याखाली गेलेला, तुर्कांची ठाणी उंचवट्यांवर बेटासारखी उभी. मग तिथल्या दलदलीत चालणाऱ्या बेलम नावाच्या लांबट, चपट्या तळाच्या शेकडो होड्या गोळा केल्या, शिपायांना बांबूने त्या रेटायला शिकवलं आणि फौज होड्यांतून चालून गेली. या मोहिमेला इंग्रजी इतिहासात टाऊनशेंडची रेगाटा असंच नाव पडलं आहे.

पुढे हेच डिव्हिजन कूतमध्ये वेढलं गेलं. २९ एप्रिल १९१६ ला शरण जावं लागलं, आणि कैदेत फार माणसं मेली.

पुणे-सातारा भागात फिरताना कित्येक गावांत चावडीजवळ किंवा शाळेच्या भिंतीत संगमरवरी पाटी दिसते. या गावातून महायुद्धाला इतके गेले, त्यांतले इतके कामी आले. फक्त आकडे. घोड्यावर, नांगरावर वाढलेल्या या पोरांनी परक्या दलदलीत बांबू धरला, त्यांनी किती वेळात किती पाणी कापलं कुणी लिहिलं नाही. केलीचे ८ मिनिटं १० सेकंद मला पाठ आहेत. मला ते पाठ असायला हवेतच, पण शेजारच्या गावातून बेलममध्ये बसलेल्याचं नाव मला माहीत नसावं हे बरोबर नाही. बारामती-इंदापूरच्या गावांतून अशा पाट्या शोधून काढायच्या आणि घराघरांत विचारून आकड्यांपुढे नावं लिहायची, हे काम मी शिबिरातल्या मोठ्या मुलांना देणार आहे.

२ जून, रविवार. इंदापूर

शाळेचा हॉल भरला होता. आधी केलीचं सांगितलं, पियानोसकट. मग नियम फळ्यावर लिहिला आणि विचारलं, तुमच्यातल्या कुणाच्या घरातला माणूस या नियमाने शर्यतीत उतरला असता? मुलं एकमेकांकडे बघायला लागली. ऊसतोडीला जाणारे, सेंटरिंगवाले, कारखान्यात फिटर, मच्छीमार. कुणाचाच हात वर नाही. मागून एक मुलगा म्हणाला, ‘‘सर, मग शर्यतीत राहिलं कोण?’’

त्यानंतर दत्तू भोकनळ. नाशिक जिल्ह्यातल्या चांदवड तालुक्यातलं तळेगाव रोही हे त्याचं गाव, पाण्याचं दुर्भिक्ष असलेलं. वडिलांबरोबर विहिरी खोदायचा, दगड फोडायचा. २०१२ साली लष्करात, बॉम्बे सॅपर्समध्ये भरती झाला. वल्हं हातात आलं ते तिथे. त्याआधी एवढं पाणीच पाहिलेलं नव्हतं. चार वर्षांनी, २०१६ च्या रिओ ऑलिंपिकात, एकट्याच्या बोटीत तो भारताकडून उतरला आणि १३ वा आला. २०१८ च्या आशियाई स्पर्धेत चौघांच्या बोटीत सुवर्ण. १८७९ च्या व्याख्येने हा मुलगा आयुष्यभर काठावरच उभा राहिला असता. यंदाही लष्करातलाच, हरियाणाचा बलराज पनवार, एप्रिलमध्ये पॅरिससाठी पात्र ठरला आहे. जुलैत त्याची शर्यत बघायची, सगळ्यांनी वहीत लिहून घेतलं.

मग मला जे मुख्य सांगायचं होतं ते सांगितलं. ऑलिंपिकची शर्यत २००० मीटरची असते. एवढं सरळ पाणी पुण्यात नदीवर मिळत नाही, त्यासाठी लष्कराला आपल्या अभियांत्रिकी कॉलेजात, सीएमईत, खास लांब जलमार्ग करावा लागला. उजनीत ते यंदासारख्या वर्षीही आहे. वल्ह्याची सवय असलेले हात इथे आहेत. पाण्याचा रंग बघून वारा ओळखणारे तात्यांसारखे जाणते आहेत. नाही ते एवढंच: बोटी, जॅकेटं, मागे राहणारी लाँच आणि शिकवणारा. यातली प्रत्येक गोष्ट पैशाने मिळते. तालुक्यात साखर कारखाने आहेत, पतसंस्था आहेत, बाजार समिती आहे. कुस्तीच्या तालमीला जसा गाव मदत करतो तशी याला करावी, यासाठी मी एकेकाचं दार वाजवणार आहे. बांधलेला मार्ग, दिवसाउजेडी सराव, आणि वारा सुटला की सगळे काठावर, या अटींवर.

संपल्यावर काठच्या गावची एक मुलगी पुढे आली. नववी झालेली, माझ्या खांद्याच्या वर. ‘‘मुलींना असतं का सर?’’ १९७६ पासून ऑलिंपिकमध्ये आहे, म्हटलं. तिने न विचारता तळहात पुढे केला. बोटांच्या मुळाशी चार घट्टे.

पोहता येतं का, विचारलं. येतं म्हणाली. बाईंकडून टेप मागून तिची उंची घेतली, पाच फूट सात इंच. दोन्ही हात पसरायला लावून कव मोजली, ती उंचीपेक्षा जास्त भरली. नाव, गाव आणि शाळा लिहून घेतली. पुढच्या रविवारी आईवडिलांना घेऊन ये, म्हटलं, आधी त्यांच्याशी बोलू. ‘‘रविवारी बाबा जाळ्यावर असतात,’’ ती म्हणाली. मग सोमवारी सकाळी मीच तिकडे जायचं ठरलं, जाळी काढून होडी काठाला लागली की.